चीज पिकेपर्यंत

मिल्टन कीन्स या आमच्या गावात माणसं कमी आणि राउंडअबाउट जास्त. नक्की किती ते कोणी मोजलेलं नाही, पण मला विचाराल तर मी सतरा हजार सांगतो. ऑक्टोबरातल्या त्या सकाळी ऑफिसला जाताना त्यातल्याच एकावर होतो, तेव्हा गाडीच्या स्पीकरवर नाओमीचा आवाज आला. "श्रीदादा... आई गेला." नाओमी बर्मिंगहॅमला बँकेत मोठ्या हुद्द्यावर आहे. जन्म इथला, त्यामुळे तिच्या मराठीत आई गडबडीत पुल्लिंगी होते आणि बाबा लहर लागेल तसे. एरवी मी तिला "गेली गं, गेली" म्हणून छळलं असतं. त्या दिवशी नाही. गाडी मात्र फिरत राहिली. कुठल्या एक्झिटने बाहेर पडायचं तेच कळेना. घरी जायचं की ऑफिसला की तडक लंडनला... त्या एका राउंडअबाउटला मी चौदा फेऱ्या मारल्या असतील.

"चौदा? म्हणजे सात," नाओमीची आई, म्हणजे माझी रिवकामावशी, म्हणाली असती.

वीस वर्षं ती माझ्या प्रत्येक वाक्याला दोनने भागत आली. मी पुण्याहून नोकरीसाठी ब्रॅकनेलला आलो तेव्हा उत्तर लंडनमधल्या तिच्या घरात वरची खोली भाड्याने घेतली होती. ऑफिस एका टोकाला, घर दुसऱ्या टोकाला. लोक मला वेड्यात काढायचे. पण खोलीसाठी फोन केला तेव्हा माझं नाव ऐकून पलीकडून एक बाई चक्क मराठीत म्हणाल्या होत्या, "खोली आहे. जेवणाचं काय करतोस?" यानंतर ब्रॅकनेलमध्ये घर शोधणारा माणूस करंटाच म्हणायचा. दार उघडलं तर पांढऱ्या केसांची, बुटकी, कमरेवर हात ठेवून उभी असलेली बाई. चौकटीवर तिरकी बसवलेली, आत प्रार्थनेचा कागद असलेली पितळी डबी. आत स्वयंपाकघरातून येणारा नारळाच्या दुधाचा आणि कोथिंबिरीचा वास. मावशी मूळची अलिबागजवळच्या खेड्यातली, बेने इस्रायली, म्हणजे आपल्या कोकणातली मराठी ज्यू. मुंबईत वाढली, नर्स झाली, लग्न होऊन इथे आली आणि इथल्या हॉस्पिटलात तिने जन्म काढला. सॅमकाका, तिचा नवरा, मी यायच्या आधीच गेलेला. मी पहिल्या दिवशी तिला "अहो मावशी" म्हटलं तर म्हणाली, "मावशीला अहो-जाहो करतोस? पुण्याचा दिसतोस."

पहिल्याच आठवड्यात मी तिच्या मटणाच्या पातेल्यात दुधाचा चहा केला. तिच्याकडे दुधाची भांडी वेगळी, मटणाची वेगळी, दोघांची गाठ पडू द्यायची नाही. हे मला सांगायचं राहून गेलं होतं. ते पातेलं तिने दोन बोटांनी उचललं, मागच्या बागेत नेलं आणि त्यात पुदिना लावला. हा पुदिना पुढे इतका माजला की त्यावर अख्ख्या लंडनची चटणी झाली असती. "अर्ध्या लंडनची," मावशी म्हणायची. तेवढं ती कबूल करायची.

मग माझं लग्न झालं, मुलं झाली, आम्ही मिल्टन कीन्सला राहायला गेलो, तरी महिन्यातून एक रविवार तिच्याकडे ठरलेला. मी ऑफिसातल्या गोष्टी तिखटमीठ लावून सांगायच्या आणि तिने भाजी निवडता निवडता त्यांची धार बोथट करायची. मी म्हणायचो, "साहेब माझ्या पाया पडला." ती म्हणायची, "थँक यू म्हणाला असेल." तिचं बरोबर असायचं. मेल्याने नुसतं थँक यू म्हटलेलं असायचं.

या वर्षीच्या फेब्रुवारीत ती बाथरूममध्ये घसरून पडली. हाड मोडलं नाही, पण नाओमीचा धीर मोडला. आईने एकटीने राहायचं नाही. आपल्या घराजवळ तळमजल्याचा छोटा फ्लॅट आहे, हे घर विकायचं, आईने बर्मिंगहॅमला यायचं. नाओमीचं काही चुकत नव्हतं. मलाही फोन करून म्हणाली, "श्रीदादा, तू सांग ना तिला. ती माझी ऐकत नाही." मी सांगितलं.  मावशी जिन्याच्या कठड्यावरून हात फिरवत एवढंच म्हणाली, "या घरात सॅम गेला. मला पत्ता बदलायचा नाही रे." तेवढ्या वाक्याला दोनने भागायची माझी हिंमत झाली नाही.

नंतर पंधराएक दिवसांनी फोन आला. नमस्कार नाही, चमत्कार नाही. "श्रीकांता, रविवारी गाडी काढ. वेल्सच्या हद्दीवर एक बाई शेळ्या पाळते. जुन्या पद्धतीने चीज करायला शिकवते. लायब्ररीत कागद लावलाय. मी नाव दिलंय, तुझंसुद्धा." मी म्हटलं, "मावशी, अठ्ठ्याहत्तराव्या वर्षी चीज?" "मग काय, पाळण्यात असताना शिकायला हवं होतं?"

ते फार्म म्हणजे डोंगराच्या उतारावर लटकवलेलं होतं. वाट इतकी अरुंद की आमची गाडी आडवी होऊन गेली. शेळ्या दोनशे, प्रत्येक म्हशीएवढी. त्यातल्या एकीने मी खाली उतरताच माझा मफलर ओढला आणि शेवयांसारखा गिळायला सुरुवात केली. मावशीने "हुर्र!" असं काहीतरी केलं, तशी ती वरमली आणि मफलर परत दिला. अर्धा. शेळ्यांची मालकीण ग्वेन पन्नाशीची, गमबूट घातलेली, आवाज असा की एका डोंगरावरून बोलावलं तर दुसऱ्या डोंगरावरच्या शेळ्या घरी जातील. आमच्याबरोबर शिकायला आलेली चार-सहा मंडळी होती. त्यांना दुपारपर्यंत मऊ, पांढरं, ब्रेडवर फासायचं चीज करून घरी न्यायचं होतं. ग्वेनने विचारलं, कोणाला काय करायचंय? मावशी पुढे झाली. "सगळ्यात उशिरा पिकणारं कोणतं?"

ग्वेनला वाटलं, म्हातारीला उलटं ऐकू आलं. म्हणाली, "लवकर होणारं ना?"

"उशिरा."

"तीन महिन्यांचं आहे."

"अजून?"

"सहा..."

"त्याच्या पुढचं दाखव," मावशी म्हणाली. अलिबागच्या बाजारात पापलेटाचा भाव पाडतात त्या चालीवर ती महिन्यांचा भाव चढवत होती. शेवटी सौदा नऊ महिन्यांवर पटला. कठीण पाठीचं, कापडात बांधायचं, थंड अंधारात ठेवायचं चीज. सुरुवातीला रोज उलटायचं, मग आठवड्याला. मी तिच्या कानाशी लागलो, "मावशी, नऊ महिने? काय बाळंतपण आहे का?" ती म्हणाली, "तू गप्प बस आणि शीक."

आणि तिथेच आम्ही दोघांनी अख्ख्या वेल्समध्ये पूर्वी कोणी केली नसेल अशी चूक केली. ग्वेनने सकाळचं धारोष्ण दूध मोठ्या भांड्यात मंद आचेवर ठेवलं, इतरांना घेऊन शेळ्या दाखवायला बाहेर निघाली आणि जाताना आम्हाला म्हणाली, "जरा दुधाकडे लक्ष ठेवा." आता मराठी घरात वाढलेल्या माणसाला दुधाकडे लक्ष ठेवायला सांगितलं की त्याच्या हातून एकच गोष्ट होते. मावशी एका बाजूला, मी दुसऱ्या बाजूला, डोळ्यांत तेल घालून उभे. "किती मंद ठेवलंय हिने," मावशी पुटपुटली आणि गॅस मोठा केला. दूध वर आलं, मावशीने बरोब्बर क्षणाला गॅस बंद केला, एक थेंब सांडू दिला नाही. आम्ही एकमेकांकडे अभिमानाने पाहिलं. वर साय धरायला लागली होती. ग्वेन आत आली, तिने ती साय पाहिली आणि मटकन स्टुलावर बसली. कोमट करायचं होतं. चीजसाठीचं दूध उकळलं की ते मग नीट गोठत नाही.

"कच्चं दूध तसंच ठेवायचं?" मावशीने मला मराठीत विचारलं. "लाज नाही वाटत?"

वाया मात्र ती काही जाऊ देणारी नव्हती. तिने ग्वेनकडून साखर घेतली, स्वतःच्या पर्समधून वेलदोडे काढले आणि शेळीच्या दुधाची बासुंदी आटवली. चार वाट्या खाऊन झाल्यावर ग्वेनने आम्हाला माफ केलं आणि दुपारच्या धारेचं दूध नव्याने द्यायचं ठरवलं. मुक्काम तिच्याच माडीवर. या वेळी मावशीने दूध तापवताना कोपर बुडवून पाहिलं. तान्ह्या पोराला आंघोळ घालताना पाण्याचा अंदाज घेतात तसं. आयुष्यभर नर्स होती ती. ग्वेनचा थर्मामीटर नंतर तेच म्हणाला.

दूध गोठवायची वेळ आली तेव्हा ग्वेनने फळीवरून एक बरणी काढली. आत वाळलेलं, सुरकुतलेलं काहीतरी. जुन्या पद्धतीत करडाच्या पोटाचा तुकडा दुधात घालतात म्हणे. मावशीने दोन्ही हात मागे घेतले. "दुधात मांस? आमच्यात चालत नाही." ग्वेनने खांदे उडवले आणि दुसरी बाटली आणली. रानातल्या जांभळ्या काटेरी फुलांचं भिजवलेलं पाणी. त्यानेही दूध गोठतं. "पण सांगून ठेवते," ती म्हणाली, "या फुलांचं चीज फार दिवस ठेवलं तर कडवट होतं." मावशी म्हणाली, "कडू चालेल."

दुसऱ्या दिवशी सकाळी दाबाखालून ती चकती बाहेर काढली. केवढी? गाडीच्या चाकाएवढी... बरं, जेवणाच्या ताटलीएवढी. मीठ चोळून झालं, तर ग्वेन वर लावायला डुकराची चरबी घेऊन आली. त्या बिचारीला दोन दिवसांत आमच्यामुळे काय काय ऐकावं लागलं! मावशीच्या पर्समध्ये साजूक तुपाची बाटली होती, ती परक्या गावी तुपाशिवाय जातच नसे. तेच सगळीकडून चोळलं. आणि बांधायला कापड म्हणून तिने आमच्या चपात्या बांधून आणलेला फडका सोडला, झटकला, ग्वेनने तो उकळत्या पाण्यातून काढून दिला. तिच्या जुन्या इरकली पातळाचा तुकडा, एका बाजूला लाल काठ. चीज त्यात असं बांधलं की काठ एका अंगाला राहिला. "म्हणजे आज उलटलं की नाही ते कळतं," मावशी म्हणाली. "एक दिवस काठ वर, एक दिवस खाली." परतीच्या वाटेवर तिने ते मांडीवर घेतलं आणि सीट बेल्ट दोघांवरून लावला.

त्या सगळ्या खटाटोपाचा अर्थ मला पुढच्या रविवारी कळला. नाओमी आली होती, सोबत बर्मिंगहॅमच्या फ्लॅटचे फोटो. मावशीने सगळे फोटो शांतपणे पाहिले. खिडक्या चांगल्या आहेत म्हणाली. मग म्हणाली, "येते मी. फक्त माझं चीज पिकेपर्यंत थांब. जिन्याखालच्या कपाटात ठेवलंय. त्याला रोज उलटावं लागतं, तिथला गारवा लागतो, हलवलं तर बिघडतं." नाओमीला वाटलं, चीज म्हणजे पनीर, आठवड्याचा प्रश्न. तिने आईच्या गळ्यात हात टाकले. "प्रॉमिस, आई. चीज पिकला की घर विकायचा." मावशीने तिच्या डोक्यावरून मागे माझ्याकडे पाहिलं. वीस वर्षांत माझ्या एकाही थापेला तिने पूर्ण मार्क दिले नव्हते, आणि ही बाई सगळ्या थापांची आजी निघाली.

तो उन्हाळा चांगला गेला. मी मराठी मंडळाच्या पिकनिकमध्ये सांगत सुटलो की मावशीच्या चीजसाठी राजवाड्यातून दोनदा माणूस येऊन गेला. मावशी रोज सकाळी चहा झाला की जिन्याखाली वाकायची, चीज उलटायची, कोरड्या फडक्याने फळी पुसायची आणि नाओमीला फोन करायची. "आज काठ वर." दुसऱ्या दिवशी, "आज काठ खाली." पुढे आठवड्यातून एकदा उलटायचे दिवस आले, तरी ती रोजच उलटायची. मला वाटतं, फोन करायला काहीतरी हवं म्हणून.

सप्टेंबरातल्या एका रविवारी मी गेलो तर चहा झाला तरी ती खुर्चीतून उठली नाही. "श्रीकांता, ते जरा तू उलट रे." मी म्हटलं, "आज मेहेरबानी?" तिने हात पुढे केले. बारीक, निळ्या शिरांचे, आणि थरथरत होते. "मनगटं संपावर गेलीत. काल शेजारणीला बोलावलं, आज तू आहेस." मी कपाट उघडून चीज उलटलं. उठून वळलो तर ती दारात येऊन उभी, कठड्याला धरून. "नाओमीला सांगू नकोस. तीन महिनेच राहिलेत." मी नाही सांगितलं. नाओमीचा फोन आला, "आई कशी आहे?" तर मी म्हणालो, "तुझी आई? अगं, काल शेजाऱ्यांचा फ्रीज एकटीने उचलून आत ठेवला!" नाओमी हसली. मावशी समोर बसून बोटाने टेबलावर भागाकाराची रेघ ओढत होती.

ती गेली ती तिच्या पलंगावर, झोपेत. शेजारणीकडे किल्ली होती, सकाळी चहाच्या वेळी स्वयंपाकघरातला दिवा लागला नाही म्हणून ती आत गेली. त्या राउंडअबाउटमधून कसाबसा सुटून मी पोचलो तेव्हा नाओमी बर्मिंगहॅमहून निघाली होती. काय करावं सुचेना. मी जिन्याखालचं कपाट उघडलं. काठ खाली होता. कालचा. मी उलटलं आणि तिथेच, त्या बुटक्या कपाटात डोकं घालून, बराच वेळ बसून राहिलो...

दुसऱ्याच दिवशी दफन झालं. मग त्यांच्या रीतीप्रमाणे घरात सात दिवस सुतकाचं बसणं. येणारे-जाणारे इंग्रजीत बोलत होते. तिच्या माणसांतही मराठी कळणारे आता दोघं-तिघं उरलेत, तेही ऐकून मान हलवण्यापुरते. एका संध्याकाळी सगळे गेल्यावर नाओमी आणि मी स्वयंपाकघरात कप धूत होतो. मी म्हटलं, "नाओमी, तिचे हात..." ती म्हणाली, "मला माहीत होतं."

"काय?"

"आईने तू आलास तेव्हाच सांगितलं होतं, श्रीकांत बोलेल त्याचा हाफ धर. तू म्हणालास आईने फ्रीज उचलला. मी म्हटलं, आई आता कप पण उचलत नाही." तिने कप पुसून उपडा ठेवला. "मी येणार होते तिला घेऊन जायला. दोनदा गाडीत बसले. पण ती रोज फोन करायची ना, श्रीदादा. काठ वर, काठ खाली. शाळा सुटल्यापासून आईने मला रोज फोन कधी केला नव्हता. मला वाटलं, पिकू दे हळूहळू." मग तिने उपडा ठेवलेला कप उचलून पुन्हा पुसायला घेतला. मीही धुतलेलाच कप पुन्हा धुतला. आमच्यातला एक जण तरी बडबड्या म्हणून प्रसिद्ध आहे.

आता डिसेंबर आहे. घर बंद असतं. मी दर रविवारी मिल्टन कीन्सहून ट्रेनने जातो, किल्ली शेजारणीकडून घेतो, हीटिंग थोडा वेळ लावतो आणि जिन्याखाली वाकतो. मागच्या बागेत ते पातेलं आहे, पुदिना थंडीने काळवंडलाय, पण मुळं जिवंत असावीत. गेल्या आठवड्यात मी ग्वेनला फोन केला. बासुंदीवाल्या बाई गेल्या हे ऐकून तो डोंगराएवढा आवाज एकदम लहान झाला. मग तिने सांगितलं, "बोटाच्या पेराने सगळीकडून वाजवून बघ. आवाज सारखा आला की झालं. आणि झालं असेल तर जास्त ठेवू नकोस. कडू होईल."

काल मी वाजवून पाहिलं. कडेला, मध्ये, खालून, वरून. आवाज सगळीकडे सारखा. कपाटात तूप, जुनं कापड आणि ओल्या दगडासारखा वास कोंडला होता. मी तसाच उकिडवा बसलेलो असताना नाओमीचा फोन आला. घराचा एजंट विचारतोय म्हणाली. जानेवारीत बोर्ड लावू का म्हणतोय. मग थोडी थांबून, "श्रीदादा, पिकलं का?"

"छे!" मी म्हणालो. "कसलं पिकतंय? दगड आहे नुसता. अजून वर्षभर तरी लागेल."



"वर्षभर," नाओमी म्हणाली. "म्हणजे सहा महिने."

आवाज तिचा होता, पण ती चाल, ते आकडा तोलून बाजूला ठेवणं... मी कपाटाच्या चौकटीला धरलं. "हो," मी म्हणालो, "सहा महिने."

"बरं. एजंटला मी तसं सांगते." पण तिने फोन ठेवला नाही.  "आणि काठ?"

मी चीज दोन्ही हातांनी उचललं, उलटलं, खालची फळी फडक्याने पुसली.

"वर," मी म्हणालो. "आज वर आहे."